पहिली पत्रावळ राक्षसाची

मारामारीच्या सिनेमांचं हे खूळ तुमच्या डोक्यात शिरलं कुठून, असं मुलाखतीला जो येतो तो मला विचारतो. विचारताना या पोरांचे डोळे असे लकाकतात की उत्तर त्यांना आधीच ठाऊक असावं. डोंगरातला एखादा मठ, पांढऱ्या भुवयांचा म्हातारा गुरू, पहाटे थंड पाण्यात उभं राहून केलेली तपश्चर्या, असलं काहीतरी त्यांना हवं असतं. एक पोरगा तर मठ लिहूनच घेऊन आला होता, मी फक्त देशाचं नाव सांगायचं बाकी होतं. त्याला म्हटलं, बाळा, मठबिठ काही नाही, मारुतीचा पार होता. आणि गुरू एक नाही, दोन होते. एक शाळेचे गणवेश शिवायचे आणि दुसरे कापसाच्या जिनिंगमध्ये रुईच्या गाठी रचायचे. त्याने अगदी मन लावून मान हलवली, आणि छापून आलं तेव्हा त्यात मठच होता. म्हणून आता या वयात मीच लिहून ठेवते आहे. निदान माझ्या भाचरांना तरी खरं माहीत असावं.

आमचं गाव तिगाव स्टेशनापासून पायी जाण्याच्या अंतरावर. पांढुर्णा आता जिल्हा झाला, तिथे मोठमोठ्या पाट्या लागल्या, पण तेव्हा आमच्या लेखी पांढुर्णा म्हणजे बाबांचं जिनिंग आणि आठवड्याचा बाजार, आणि सौंसर म्हणजे मामाचा संत्र्याचा बगीचा. जगाचा नकाशा तिथेच संपायचा. राज्य हिंदीभाषक, म्हणून शाळेत गुरुजी हिंदीत शिकवायचे, घरी आपली बोली, आणि भांडण लागलं की दोन्ही एकदम तोंडातून निघायच्या. घर मातीचं, वर कवेलू. गाडी गेली की ताटल्या हलायच्या, आणि मायच्या भाकरी थापण्याच्या आवाजावरून मला तिची तब्येत कळायची. थप थप एका लयीत असलं की सगळं ठीक, मधेच थांबून जोरात एक थाप पडली की आज कोणाचं तरी चुकलं आहे. बाबा जिनिंगमधून यायचे तेव्हा डोक्यापासून पायापर्यंत पांढरे झालेले असायचे. भुवयांत रुई, कानात रुई, मिशीत रुई. माय त्यांना ओट्यावर बसवून पदराने झटकायची आणि म्हणायची, "एक दिवस तुमालेच दाबून गाठ बांधतीन वो ते लोकं."

बाबा म्हणजे देवराव. गावातला सगळ्यात धिप्पाड माणूस, आणि आवाज असा की शेळीलासुद्धा "चाल नं माय, चाल" अशी विनंती करायचे. शेळी चालायची नाही. रागावलेले मी त्यांना कधी पाहिले नाहीत. माय म्हणायची, देवाने अंग पहिलवानाचं दिलं आणि आत जीव मास्तरणीचा घातला. अशा माणसाला गावाने राक्षस केलं होतं.

नवरात्रात गावात देवी बसायची आणि नवमीच्या दुपारी देवीचं सोंग निघायचं. म्हणजे गावातलाच एक माणूस लुगडं नेसून, मुकुट घालून देवी व्हायचा, एक माणूस अंगाला काजळी फासून, शिंगं बांधून राक्षस व्हायचा, आणि पारासमोरच्या मोकळ्या जागेत दोघांची लढाई. पाठीमागे डफडं वाजत राहायचं. राक्षस मेला की आरती, आणि आरतीनंतर अख्ख्या गावाची पंगत. पंगतीत रोडगे, वांग्याची भाजी आणि वरण. सकाळपासून गोवऱ्यांच्या आरात रोडगे भाजायला टाकलेले असायचे आणि त्यांचा वास गावभर पसरायचा. माझ्या बालपणाला काही वास असेल तर तो शेणी-गोवरीच्या धुरातल्या भाजलेल्या कणकेचा आहे. आणि गावची एक रीत होती, ती नीट लक्षात ठेवा. पहिली पत्रावळ राक्षसाची. देवी झालेला माणूस, पाटील, पुजारी, कोणीही त्याच्याआधी जेवायचं नाही. आरतीनंतर देवी मेलेल्या राक्षसाच्या कपाळाला कुंकू लावून "ऊठ" म्हणायची, आणि बाबा डोळे मिटूनच म्हणायचे, "पहिले वाढा. राक्षस उपाशी उठत नाई." दरवर्षी तेच बोलायचे आणि दरवर्षी गाव तेवढंच हसायचं. मला मात्र तेव्हा या रितीचं काही कौतुक नव्हतं. मला फक्त दिसायचं की माझा बाप दरवर्षी मार खातो.

आणि मारायचा कोण? गुलाबराव शिंपी. गुलाबरावांचं वर्णन करायचं तर उभ्या टेपाला मिशी काढली की गुलाबराव. मशीन चालवून चालवून पाय तेवढे मजबूत, बाकी माणूस फुंकर मारली तर उडेल असा. ती मिशी वर्षातून एकदाच, अष्टमीला, भादरली जायची आणि ते बघायला आम्ही पोट्टेसोट्टे न्हाव्याच्या ओट्यापुढे गर्दी करायचो. देवीचं सोंग घ्यायचं म्हणून ते नऊ दिवस उपास धरायचे, नुसत्या भगरीवर आणि केळ्यांवर. त्यामुळे ज्या दिवशी राक्षसाला मारायचं त्या दिवशी त्यांच्यात माशी मारायचीही ताकद नसायची. पण तलवार चमकीचा कागद लावलेली, लाकडाची आणि जड. ती उचलून ते एक वार करायचे, आणि माझे बाबा, ज्यांना रुईच्या गाठीनेसुद्धा कधी वाकवलं नाही, ते कोलमडून उलटे पडायचे.

गुलाबरावांचा पोरगा रमेश माझ्याच वर्गात होता. दसऱ्यापासून पुढच्या नवरात्रापर्यंत त्याचं एकच पालुपद. "माह्या बापानं तुह्या बापाले मारलं." पाढे म्हणताना, पाणी पिताना, बोरं वेचताना. मी त्याला एकदा बोरीच्या काट्यांत ढकललंही, पण तो काटे काढता काढता तेच म्हणत राहिला. आज तो सौंसरला कापडाचं दुकान चालवतो, माझ्या प्रत्येक सिनेमाला सहकुटुंब जातो, आणि फोन करून सांगतो की यंदाची मारामारी बरी होती पण आपल्या गावाची सर नाही. तेव्हा मात्र मला तो पोरगा डोळ्यांपुढे नको असायचा. मला वाटायचं, एकदा, फक्त एकदा, माझा बाप उभा राहावा आणि गुलाबरावांनी मातीत बसावं. मग जन्मभर मी रमेशला काही बोलणार नव्हते, नुसती हसणार होते.

त्या वर्षी अष्टमीच्या दिवशी मी भाकरीला हात लावला नाही. मायच्या हातची पातोडीची भाजी होती, बेसनाच्या वड्यांची, झणझणीत, जी मी एरवी वाटी चाटूनपुसून खायची. मायने आधी समजावून बघितलं, मग एक जोराची थाप भाकरीवर पडली. बाबा ओट्यावर बसून शिंगांना नवी दोरी बांधत होते. ती शिंगं खऱ्या म्हशीची होती, वर्षभर आमच्या आढ्याला टांगलेली असायची आणि मायची हळदीची पुरचुंडी त्यांतल्या एकाला अडकवलेली असायची. बाबांनी शिंगं बाजूला ठेवली.

"काहून वं, जेवून काहून नाई राहिली?"

"तुमी दरवर्षी पडता."

"मंग? राक्षस पडनच नाई का."

"यंदा पडू नोका."

बाबांनी मला वरपासून खालपर्यंत बघितलं. मला वाटलं आता हसतील, पण हसले नाहीत. लहान पोराशी बोलतानाही ते मोठ्या माणसाशी बोलल्यासारखंच बोलायचे, ही त्यांची फार वाईट खोड होती, कारण मग आपल्यालाही मोठ्या माणसासारखं वागावं लागायचं. त्यांनी विचारलं, "कोनी काई म्हनलं का?" मी रमेशचं पालुपद सांगितलं. रडू येत होतं ते आवरून सांगितलं. दोरीचं टोक बोटाला गुंडाळत ते म्हणाले, "बरं. तू म्हनशीन तवाच पडीन. तवर नाई पडत. जबान देल्ली. आता जेव."

मी दोन भाकरी खाल्ल्या. माय चुलीपाशी पाठमोरी होती, तिने हे बोलणं ऐकलं की नाही ते मला तेव्हा कळलं नाही. बाबांनी ते शब्द विचार करून वापरले होते की सहज निघून गेले, याचाही उलगडा मला आजतागायत झालेला नाही. मी पुढे कितीदा तरी विचारलं, ते नुसतं मिशीत हसायचे.

नवमीची दुपार आली. सनई नव्हती, डफडं होतं, आणि ते वाजवणारा म्हातारा तापवलेलं डफडं गालाला लावून बघायचा तेव्हाच अंगावर काटा यायचा. बाया एका बाजूला, पुरुष एका बाजूला, पोट्टे पाराच्या कठड्यावर. पाटील खुर्चीवर. पलीकडे आरातून रोडगे निघत होते, ते फोडून तुपात बुडवणं चाललं होतं. गुलाबराव आले, हिरवं लुगडं नेसलेले, कपाळभर मळवट, उपासाने डोळे खोल गेलेले, आणि खरं सांगते, त्या वेशात ते खरोखर देवी वाटायचे. बायांनी हात जोडले. मग पाराच्या मागून बाबांची आरोळी आली. शेळीला विनवणारा माणूस ती आरोळी कुठून आणायचा कोण जाणे. काळं तुकतुकीत अंग, शिंगं, मागे अंबाडीची शेपटी. लहान पोरं पळाली. मी नाही पळाले. मी रमेशच्या शेजारी जाऊन बसले.

लढाई सुरू झाली. गुलाबरावांनी तलवार फिरवली, बाबा वाकले, गिरकी घेऊन मागे गेले, पुन्हा धावून आले. तोपर्यंत मी दरवर्षी वार आला की डोळे झाकून घ्यायची, त्या वर्षी पहिल्यांदा उघडे ठेवून बघितलं. तलवार बाबांच्या अंगापर्यंत पोचायचीच नाही. ती हातभर लांबून जायची, आणि बाबांचा खांदा मात्र मार बसल्यासारखा झटका खायचा. तलवार ज्या बाजूला जायला निघायची त्या बाजूला बाबा आधीच गेलेले असायचे. मग तो वार आला, ज्याच्यावर राक्षस मरतो. गुलाबरावांनी दोन्ही हातांनी तलवार उचलून बाबांच्या छातीवर टेकवली. डफडं थांबलं. बाबा डुलले, गुडघ्यावर आले, आणि उठून उभे राहिले.

आधी लोक खूश झाले. कोणी शिट्टी मारली. यंदा लढाई मोठी आहे असं सगळ्यांना वाटलं, डफडेवाल्याने पुन्हा ठेका धरला. गुलाबरावांनी पुन्हा गोल फिरून वार केला, बाबा पुन्हा डुलले, पुन्हा उभे. रमेशने माझ्याकडे बघितलं. मी सरळ समोर बघत होते. तिसऱ्या खेपेला पाटील खुर्चीतून पुढे वाकले आणि म्हणाले, "देवराव, काय करून राहिले बाप्पा? रोडगे थंडे होऊन राहिले नं." थंड रोडगा म्हणजे दगड, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण राक्षस मेल्याशिवाय आरती नाही, आणि राक्षस जेवल्याशिवाय कोणी जेवायचं नाही. गावच्या रितीने गावालाच बांधून घातलं होतं, आणि गाठ माझ्या हातात होती. फक्त ते कोणालाच माहीत नव्हतं.

आम्ही कठड्यावर होतो, तिथून सगळं ऐकू येत होतं. गुलाबराव तलवारीवर टेकून धापा टाकत होते. हळूच म्हणाले, "देवराव, पड नं बापा. माह्यात दम नाई राह्यला."

"नाई जमत, गुलाबभौ," बाबा तितक्याच हळू म्हणाले. "जबान देल्ली हाये."

"कोनाले?"

बाबांनी सांगितलं नाही. गुलाबरावांनी बिचाऱ्यांनी पुन्हा तलवार उचलली. मुकुट एका कानावर आला होता, मळवट घामाने ओघळून भुवईवर उतरला होता. आता ते देवी दिसत नव्हते. लुगडं नेसलेला, भुकेला, दमलेला शिंपी दिसत होता. एका बाईने तोंडाला पदर लावला, ती हसू दाबत होती. एक पोरगा मोठ्यानेच हसला. मी बाजूला बघितलं तर रमेशच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि तो ते पुसतही नव्हता. वर्षभर मी ज्या क्षणाची वाट बघितली तो समोर होता. माझा बाप उभा होता, पण नुसताच. त्यांना काय करावं ते कळत नव्हतं, हात लोंबत होते, शेपटी पायात आली होती. माझे बाबा जिंकून राहिले होते आणि एकाही माणसाला मजा येऊन नव्हती राहिली. मला तर सगळ्यात कमी. आणि मला रमेशचाच राग आला, की आता हा का रडतो.

तेवढ्यात मागून कोणीतरी माझा दंड धरला. माय होती, बायांच्या गर्दीतून वाट काढत आलेली. तिने विचारलंसुद्धा नाही. नुसतं म्हणाली, "जाय. तूच बांधली, तूच सोड."

रमेशच्या देखत उठायचं, सगळ्या गावासमोर जायचं आणि आपल्याच तोंडाने आपल्या बापाला पड म्हणायचं. मी पुढे हिमालयातल्या बर्फात शूटिंग केलं आहे, जळत्या पुलावरून माणसं पळवली आहेत, पण त्या कठड्यावरून उतरण्याएवढं अवघड मला काही गेलं नाही. मी रिंगणात गेले. डफडं आपोआप थांबलं. बाबांनी शिंगांखालून माझ्याकडे बघितलं, अगदी आज्ञाधारकपणे. मी तोंड उघडलं, तर लगेच पडायच्या तयारीने त्यांचा गुडघा वाकला.

आणि मला ते चालेना. का कोण जाणे, पण चालेना. माझा बाप असा पडणार? लोक खिदळत असताना, देवीचा मुकुट कानावर असताना? मी म्हटलं, "थांबा." बाबा थांबले. मी गुलाबरावांना म्हटलं, "काका, तुमी खाली बसा उलीसे." ते मटकन बसले, मला वाटतं तेवढं आज्ञापालन त्यांनी गिऱ्हाइकाचंही कधी केलं नसेल. पाण्याचा गडवा मागवला, त्यांनी नुसतं तोंड ओलं केलं. मुकुट मी सरळ केला, ओघळलेला मळवट माझ्या फ्रॉकच्या टोकाने पुसला. डफडेवाल्या म्हाताऱ्याला सांगितलं की आता वाजवू नका, मी हात केला की एकदाच वाजवा. ज्याने माझ्या आज्याचंसुद्धा कधी ऐकलं नसेल, तो "हाव" म्हणाला. मग बाबांना मागे जायला सांगितलं, आणखी मागे, पाराच्या सावलीतून उन्हात. पाटील खुर्चीवरून ओरडले, "अबे पोट्टी काय करून राहिली ही?" हसणं बंद झालं होतं.

गुलाबराव उठले. डफडं नव्हतं, त्यामुळे त्यांच्या पायांतले पैंजण ऐकू येत होते. बाबा उन्हातून धावत आले, ती आरोळी ठोकत. गुलाबरावांनी तलवार वर नेली आणि या वेळी ती वरच थांबली, हलली नाही. मी हात केला. डफड्याचा एकच ठोका पडला.

"पडा," मी म्हटलं.

बाबा पडले. तसं पडणं मी पुढे कधी बघितलं नाही, आणि हे मी मुद्दाम सांगते, कारण माझा धंदाच माणसं पाडण्याचा आहे. धावत आलेला तो एवढा देह जागेवर थबकला, उंच झाला, मग कंबरेतून मोडला, एका खांद्यावर गोल फिरला आणि पाठीवर असा आला की जमिनीतून धूळ उठली. एक शिंग सुटून घरंगळत पाटलाच्या खुर्चीपाशी गेलं. गुलाबराव स्वतःच घाबरले, ते तलवार टाकून वाकणार होते, तेवढ्यात बाबांनी एक डोळा किलकिला करून त्यांना दटावलं. मग बायांनी जयजयकार केला आणि पारावरची घंटा वाजली. मी माझ्या जागेवर परत गेले. रमेश नाक ओढत म्हणाला, "पन मारलं तं माह्याच बापानं." मी म्हटलं, "हाव." आणि मला जरासुद्धा राग आला नाही.

आरती झाली. आरती होईपर्यंत बाबा हलले नाहीत, नाकावर माशी बसली तरी. गुलाबरावांनी कुंकू लावलं, "ऊठ" म्हटलं, बाबांनी आपलं ठरलेलं वाक्य म्हटलं आणि गाव त्या दिवशी जरा जास्तच हसलं. पत्रावळ आली. रोडगे खरंच दगड झाले होते, वरणात भिजवून भिजवून खावे लागले. बाबांनी पहिला घास घेतला, दुसरा गुलाबरावांच्या तोंडात घातला, कारण नऊ दिवसांचा उपवासी माणूस बसल्याजागी डोलत होता.

घरी आल्यावर माय त्यांच्या पाठीला गरम तेल लावत होती आणि मी वाटी धरून बसले होते. पाठीवर मोठा काळानिळा डाग उठला होता. मायने तो दाबला की बाबा "हळू वं" म्हणायचे आणि माय मुद्दाम आणखी दाबायची. मी विचारलं, लागलं का. ते म्हणाले, पडणं त्यांना जिनिंगने शिकवलं. पाठीवर गाठ असताना पाय घसरला तर गाठीखाली सापडायचं नाही, अंग मोकळं सोडून बाजूला जायचं, जमिनीशी भांडायचं नाही. मग म्हणाले, "गुलाबले मारता येत नाई. मले पडता येते. त्याचा उपास अन् माहं पडनं, दोघाची मिळून एक देवी होते. समजलं?" मी म्हटलं समजलं. समजलं काहीच नव्हतं, पण वाटीतलं तेल थंड होत होतं.

समजलं फार उशिरा, मुंबईत, एका फाइट मास्तरांच्या हाताखाली मारामारीत फोडायच्या साखरेच्या खोट्या काचांचा चुरा झाडताना. तिथला हिरो असा होता की त्याचा पाय गुडघ्याच्या वर जात नव्हता. त्याने लाथ उगारली की समोरचा गडी हवेत उडून टेबलावरून खुर्चीवर आणि खुर्चीवरून खिडकीबाहेर जायचा, आणि थेटरात लोक हिरोच्या नावाने शिट्ट्या मारायचे. मी झाडू हातात घेऊन त्या गड्याकडे बघत राहिले आणि मला काळ्या अंगाचे, शिंगं बांधलेले बाबा दिसले. मास्तर ओरडले तेव्हा भानावर आले. पुढे स्वतःचे सिनेमे मिळाले तेव्हा कॅमेरा मी मारणाऱ्यावर कमी आणि पडणाऱ्यावर जास्त लावला. समीक्षकांनी त्यात पूर्वेकडचं तत्त्वज्ञान शोधून काढलं. पूर्वेकडचं म्हणजे नक्की कुठलं ते त्यांनी लिहिलं नाही, मीही सांगितलं नाही. बँकॉकची पोरं असोत की हैदराबादची, माझ्या सेटवर पडायची खूण एकच, "पडा." मराठीतला तेवढा एकच शब्द त्यांना येतो, आणि तो ऐकून ती पडली की मला फार बरं वाटतं. जेवणाच्या सुट्टीतही पहिलं ताट पडणाऱ्या पोरांना. हिरो थांबतो. एका मोठ्या हिरोने यावरून माझा सिनेमा सोडला होता, त्याचा मला काडीचाही पश्चात्ताप नाही.

बाबा म्हातारपणी सौंसरला माझ्या भावाकडे होते. सिनेमे बघायचे, पण गोष्टीकडे त्यांचं लक्षच नसायचं. फोन करून विचारायचे, तो जिन्यावरून पडला तो पोरगा कोण, त्याने मान आत घेतली नाही, त्याला सांग. मी त्या पोराला सांगायची. ऐंशी उलटल्यावर एका सकाळी बाबा न्हाणीपाशी घसरले आणि खुब्याचं हाड मोडलं. मी शूटिंगवर होते. नागपूरच्या दवाखान्यात पोचले तेव्हा ते पांढऱ्या चादरीत एवढेसे दिसत होते, मिशी पांढरी, भुवया पांढऱ्या, आत्ताच जिनिंगमधून आल्यासारखे. ज्या माणसाने गावाला पडून दाखवलं तो असा एकटाच, कोणी बघायला नसताना पडला, याचं मला फार वाईट वाटलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि हळूच म्हणाले, "जबान मोडली माही, पोट्टे. तुले न इचारता पडलो."

मी त्यांच्या उशाशी बसले. भावजयीने डब्यात वरणभात मऊ कालवून दिला होता, डॉक्टरांनी थोडा द्यायला हरकत नाही म्हटलं होतं. बाबांनी डोळे मिटून घेतले. मला वाटलं झोपले. मी त्यांच्या कपाळावर हात ठेवला, जिथे कुंकू लावायचे तिथे, आणि म्हटलं, "उठा बाबा. आरती झाली."

डोळे मिटलेलेच होते, मिशी तेवढी हलली.

"पहिले वाढ," ते म्हणाले.